अलादीन मुळात होताच कुठे?

एखाद्या पुढाऱ्याच्या मालमत्तेचा खुलासा फारच अजब निघाला, की मराठी वर्तमानपत्राच्या मथळ्यात एक शब्दजोडी हटकून येते: 'सुरस आणि चमत्कारिक'. घरीसुद्धा तेच. उशिरा आलेला मुलगा कारणं लांबवायला लागला की आई म्हणते, पुरे तुझ्या सुरस आणि चमत्कारिक कथा. ही जोडी इतकी अंगवळणी पडली आहे की ती एका अनुवादित पुस्तकाच्या नावातून आली हे आपण विसरूनही गेलो. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी एकोणिसाव्या शतकात 'अरेबियन नाइट्स' मराठीत आणायला घेतलं. पुढे विष्णुशास्त्री आणि हरि कृष्ण दामले यांचेही हात त्याला लागले. पुस्तकाचं नाव होतं 'अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी'. आज ते पुस्तक मुद्दाम काढून वाचणारे थोडेच, पण त्याचं नाव भाषेत मुरून गेलं.

याच भाषेत आणखी एक वाक्य मुरलेलं आहे, आणि ते वाचनालयाच्या काउंटरवर ऐकू येतं. "अनुवादित आहे का? मग राहू द्या. मूळ ते मूळच." खोटं कशाला बोला, मीही ते म्हटलेलं आहे. अनुवाद वाचणं म्हणजे दुधाची तहान ताकावर भागवणं, अशी आपली एकूण समजूत. म्हणून एकदा ठरवलं की एकच पुस्तक घ्यायचं आणि त्यातलं दूध नेमकं कुठल्या भांड्यात आहे ते शोधून काढायचं. ते पुस्तक हेच, कारण 'अरेबियन नाइट्स' माहीत नाही असा वाचक सापडणं कठीण आणि ते मुळातून वाचलेला वाचक सापडणं त्याहून कठीण.

कुणालाही यातल्या तीन गोष्टी सांगायला सांगा. अलादीनचा दिवा, अलीबाबा आणि चाळीस चोर, सिंदबादच्या सफरी, ही तीन नावं येणार. आता पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयात या. तिथे सीरियातून आलेलं तीन खंडांचं एक अरबी हस्तलिखित आहे. काही अभ्यासक ते चौदाव्या शतकातलं मानतात, काही पंधराव्या. या कथासंग्रहाचं आपल्यापर्यंत आलेलं सर्वांत जुनं भरीव रूप ते हेच. त्यात पावणेतीनशेच्या आसपास रात्री आहेत आणि राजपुत्र कमर अल-जमानची गोष्ट अर्ध्यावर असतानाच ते तुटतं. अलादीन त्यात नाही. अलीबाबा नाही. सिंदबादही नाही.

हे हस्तलिखित ज्याच्या हाती आलं तो आंत्वान गालां. फ्रान्सच्या पिकार्दी प्रांतातल्या गरीब घरातला मुलगा, शिकून अरबी, फारसी, तुर्कीचा पंडित झालेला, फ्रेंच वकिलातीबरोबर इस्तंबूलला राहून आलेला. सिंदबादच्या सफरींचं एक वेगळं हस्तलिखित त्याच्याकडे होतं आणि ते त्याने आधीच फ्रेंचमध्ये उतरवलं होतं. मग त्याला कळलं की अशा गोष्टींचा फार मोठा संग्रह आहे. त्याने तो सीरियातून मागवला. १७०४ साली पहिले खंड छापून आले आणि फ्रेंच दरबारी समाज त्यावर तुटून पडला. सिंदबादही गालांने त्यातच घातला. त्या दिवसांचा एक किस्सा सांगतात. पुस्तकात रोज रात्री गोष्ट सुरू होण्याआधी धाकटी बहीण गोष्टी सांगणाऱ्या शहरजादला म्हणते, ताई, झोपली नसशील तर एक गोष्ट सांग ना. या पालुपदाला कंटाळलेली काही टवाळ पोरं थंडीच्या रात्री गालांच्या खिडकीखाली आली आणि त्याला झोपेतून उठवून तीच विनंती ओरडून करू लागली. किस्सा खरा असो नसो, पुढच्या खंडांत गालांने ते पालुपद आणि रात्रींची मोजदाद गाळून टाकली हे खरं.

गालांची खरी अडचण वेगळीच होती. त्याच्याजवळच्या गोष्टी संपत आल्या. पुस्तकाच्या नावात हजार आणि एक रात्री, हातात त्यांच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी, आणि बाहेर वाचक अन् प्रकाशक दोघेही घाईला आलेले. १७०९ साली आठव्या खंडात प्रकाशकाने गालांला न विचारताच दुसऱ्या एका पंडिताने तुर्कीवरून केलेल्या दोन गोष्टी परस्पर छापल्या. गालां संतापला. त्याच वर्षी, मार्च महिन्यात, तो पॅरिसमध्ये पॉल ल्यूका या प्रवाशाच्या बिऱ्हाडी गेला. ल्यूका राजासाठी पूर्वेकडून जुनी नाणी, रत्नं, हस्तलिखितं गोळा करून आणत असे. या वेळी त्याने एक माणूसही आणला होता. हन्ना दियाब हा अलेप्पोचा विशीतला मारोनी ख्रिस्ती तरुण. त्याच्या बोलण्यातून गालांला कळलं की याला गोष्टी येतात.

गालांची रोजनिशी शिल्लक आहे, म्हणून पुढचं आपल्याला तारीखवार कळतं. २५ मार्चपासून जूनच्या सुरुवातीपर्यंत हन्ना गोष्टी सांगत होता आणि गालां टिपून घेत होता. ५ मे रोजी दिव्याची गोष्ट, २७ मे रोजी चाळीस चोरांची. सुमारे सोळा गोष्टी झाल्या. त्यातल्या दहा गालांने फुलवून शेवटच्या चार खंडांत घातल्या. अलादीनची गोष्ट हन्नाने लिहूनही दिली होती असं रोजनिशीवरून दिसतं, पण तो कागद आजवर मिळालेला नाही. रोजनिशीतली आणखी एक नोंद मला फार आवडते. चाळीस चोरांच्या गोष्टीला गालांने तिथे नाव दिलं आहे ते मर्जीनाच्या चातुर्याचं. ते योग्यच आहे. त्या गोष्टीत अलीबाबा काय करतो? झाडावर बसतो आणि गाढवं भरतो. दारावरच्या खडूच्या खुणा ओळखणारी, तेलाच्या रांजणांतले चोर मारणारी, पाहुण्याच्या कमरेचा खंजीर हेरणारी ती दासी आहे. छापताना तिचं नाव मागे पडलं आणि मालक पुढे आला. हन्नाचं नाव तर छापील पुस्तकात कुठेच आलं नाही.

म्हणजे जगातली सर्वांत प्रसिद्ध 'अरबी' गोष्ट आपल्याला पहिल्यांदा सापडते ती फ्रेंच भाषेत. हे पचायला विद्वानांनाही जड गेलं. अरबी मूळ असलंच पाहिजे, असा सगळ्यांचा हट्ट. मग काय, मागणी तसा पुरवठा. अठराव्या शतकाच्या अखेरीस पॅरिसमधल्या शाविस नावाच्या सीरियन पाद्र्याने अलादीनचं अरबी हस्तलिखित तयार केलं. पुढे मिशेल सब्बागने दुसरं पुढे आणलं आणि ते १७०३ साली बगदादेत लिहिलेल्या प्रतीवरून उतरवल्याची बतावणी केली. साल पाहा, गालांच्या पहिल्या खंडाच्या बरोब्बर एक वर्ष आधीचं! हर्मान झोटेनबर्गसारख्या जाणत्या संशोधकाला ते खरं वाटलं आणि त्याने १८८८ साली ते छापलं. पुढे मुहसिन महदी या इराकी अभ्यासकाने ओळीला ओळ लावून दाखवलं की ही दोन्ही हस्तलिखितं म्हणजे गालांच्या फ्रेंचचं अरबी भाषांतर आहे. अलीबाबाच्या अरबी प्रतीचंही तेच निघालं. दूध म्हणून जे दाखवत होते, तेही ताकच.

ठीक आहे, अलादीन आगंतुक असेल. पण उरलेलं पुस्तक? शहरजाद तरी अस्सल अरबी असेल ना?

दहाव्या शतकात बगदादेत इब्न अल-नदीम नावाचा पुस्तकविक्रेता होता. ९८७ च्या सुमारास त्याने अरबीतल्या सगळ्या पुस्तकांची एक प्रचंड सूची केली, 'फिहरिस्त'. त्यात तो सांगतो की रात्री गोष्टी सांगून जीव वाचवणाऱ्या स्त्रीचं हे पुस्तक फारसीतून आलेलं आहे आणि तिथे त्याचं नाव 'हजार अफसान', म्हणजे हजार गोष्टी. पुस्तक आपण अनेकदा पुरतं पाहिलं आहे असंही तो सांगतो, आणि वर शेरा मारतो की पुस्तक बेचव आहे. जगातल्या सर्वांत यशस्वी पुस्तकांपैकी एकावरचं हे बहुधा पहिलं परीक्षण! अरबी पंडितांनी पुढची अनेक शतकं हीच री ओढली. कहवाखान्यातल्या किस्सेवाल्यांचा ऐवज, साहित्य नव्हे. युरोपात वाहवा झाली तेव्हा कुठे हे पुस्तक मान घेऊन घरी परतलं आणि नजीब महफूजसारख्या कादंबरीकाराने शहरजादला आपल्या कादंबरीत जागा दिली.

इब्न अल-नदीमच्याही आधीचा पुरावा कागदाच्या एका फाटक्या दुपानी तुकड्यावर आहे. तो इजिप्तमधून शिकागोला आला आणि १९४९ साली नाबिया ॲबट यांनी त्याचा अभ्यास प्रसिद्ध केला. या बाईंचा जन्म तुर्कस्तानातल्या मार्दीनचा, बालपणाचा काही भाग मुंबईत आणि पदवी लखनौच्या इसाबेला थोबर्न कॉलेजची. तुकड्यावर पुस्तकाचं नाव आहे, 'हजार रात्रींच्या गोष्टींचं पुस्तक', आणि बहिणीने गोष्ट मागितल्याच्या काही ओळी आहेत. एक हजार, 'आणि एक' नाही. त्या ओळींभोवतीच्या कोऱ्या जागेत नंतर कुणीतरी कायद्याच्या मसुद्याची घोटणी केली आहे आणि त्यात तारीख टाकली आहे, हिजरी २६६, म्हणजे इसवी ८७९. गोष्टींचं पुस्तक तेव्हाच रद्दीत गेलं होतं. त्या रद्दीमुळेच आपल्याला कळतं की नवव्या शतकात ते अस्तित्वात होतं.

'हजार अफसान' मात्र हरवलं. त्याचं एकही पान उरलेलं नाही. शहरजाद, राजा शहरयार, बहीण दुनियाजाद ही फारसी नावं तेवढी उरली. आणि फारसीच्याही मागे आपल्या ओळखीची वाट सुरू होते. गोष्टीत गोष्ट, तिच्या पोटात आणखी गोष्ट, ही डब्यात डबा बसवण्याची हातोटी पंचतंत्र, वेताळाच्या गोष्टी आणि शुकसप्तती यांच्या वाचकाला नवी नाही. पंचतंत्र तर सहाव्या शतकात इराणच्या पहलवी भाषेत आणि आठव्या शतकात तिथून अरबीत गेलंच होतं. अरेबियन नाइट्सच्या सुरुवातीला दोन दुखावलेले राजे एका राक्षसाला पेटीत बाई घेऊन फिरताना पाहतात. राक्षस तिला पेटीतून बाहेर काढून तिच्या मांडीवर झोपतो आणि ती आजवर भेटलेल्या पुरुषांच्या अंगठ्यांची माळ त्यांना दाखवते. पाली जातकांमधल्या समुग्ग जातकात एक असुर असाच बाईला पेटीत घालून ती पेटी गिळून फिरतो. कुलूप कितीही मजबूत असो, निष्कर्ष तोच.

पण मला खरा धक्का दिला तो एका जैन कथेने. उत्तराध्ययनसूत्रावर देवेंद्रगणींनी अकराव्या शतकात टीका लिहिली. तिच्यातल्या कथा हर्मान याकोबी या जर्मन पंडिताने १८८६ साली लायप्झिगला छापल्या. त्यांत कनकमंजरी नावाची एका चित्रकाराची मुलगी आहे. राजा तिच्याशी लग्न करतो, पण अंतःपुरात राण्या पुष्कळ आणि प्रत्येकीची पाळी ठरलेली. आपल्या पाळीच्या रात्री कनकमंजरी दासीला आधीच पढवून ठेवते: राजा आडवा झाला की तू मला गोष्ट विचार. दासी विचारते. ही एक कोडं असलेली गोष्ट सांगते आणि उत्तराच्या आधी थांबते. आता झोप आली, उद्या सांगेन. राजाला चैन पडत नाही, तो दुसऱ्या रात्रीही तिच्याचकडे येतो. असे सहा महिने. आणि या कथेची भाषा? जैन महाराष्ट्री प्राकृत, मराठीच्या माहेरची.

इथे कुणाचीही छाती फुगेल, माझीही क्षणभर फुगली. शहरजाद मूळची आपली, असं म्हणून लेख इथेच संपवता आला असता. पण शिकागोचा तो तुकडा देवेंद्रगणींच्या टीकेहून जवळजवळ दोनशे वर्षांनी जुना आहे. कथा टीकेच्या आधीपासून तोंडोतोंडी असणार हे खरं, पण तेवढ्यावर वारसा सांगता येत नाही. फरकही डोळ्यांत भरणारा आहे. कनकमंजरीला राजा हवा आहे. शहरजादला जगायचं आहे, आणि आपल्यामागच्या मुलींना जगवायचं आहे. बायकोच्या बेइमानीने पिसाळलेला राजा रोज एका मुलीशी लग्न करून सकाळी तिला मारतो, आणि वजिराची ही वाचलेली, जाणती मुलगी बापाचा विरोध मोडून स्वतःहून पुढे होते. कोडी घालणाऱ्या नवरीची युक्ती कुणीतरी उचलली आणि तिच्या मानेवर तलवार ठेवली. हे करणारा कोण, इराणी की अरब, त्याचं नाव कुठेही नाही. पण अनुवादक असो नाहीतर किस्सेवाला, जगाच्या साहित्यात त्याने टाकलेली भर कुठल्याही महाकवीपेक्षा कमी नाही, असं माझं मत आहे.

मागे जाऊन दूध मिळालं नाही. आता पुढे या.

गालांचं पुस्तक १७०६ च्या सुमारास इंग्रजीत उतरलं आणि त्या इंग्रजी अवताराचं नाव 'अरेबियन नाइट्स' जगभर रूढ झालं. अरबीत हे पुस्तक 'अल्फ लयला व लयला' आहे, हजार रात्री आणि एक रात्र. आपण जे नाव घेतो ते फ्रेंच भाषांतराच्या इंग्रजी भाषांतराचं. मग युरोपातले साहेब पूर्वेला येऊन 'पूर्ण' प्रत मागू लागले. हजार एक या आकड्याचा मूळ अर्थ एवढाच की पुष्कळ, पण आता तो शब्दशः भरून काढायची वेळ आली. इजिप्तच्या लेखनिकांनी प्रेमकथा, युद्धकथा, नीतिकथा, मिळेल ते घालून रात्री एक हजार एकपर्यंत नेल्या. याच खटपटीतून छापील आवृत्त्या निघाल्या, आणि त्यांतली पहिली अरबी आवृत्ती कैरोला किंवा दमास्कसला छापलेली नाही. ती छापली गेली कलकत्त्यात, १८१४ आणि १८१८ साली, फोर्ट विल्यम कॉलेजात अरबी शिकणाऱ्यांसाठी. कैरोजवळच्या बूलाकची आवृत्ती १८३५ ची. नंतर पुन्हा कलकत्ता, १८३९ ते १८४२, चार खंड, संपादक विल्यम मॅकनॉटन. हे तेच मॅकनॉटन, जे कंपनी सरकारचे वकील म्हणून काबूलला गेले आणि डिसेंबर १८४१ मध्ये तिथे मारले गेले. गोष्टींची छपाई त्यांच्या मागे पुरी झाली.

या छापील अरबीवरून इंग्रजीत जे अनुवाद आले ते वाचताना वाटतं की एकच माणूस तीन वेगवेगळ्या शिंप्यांकडे गेला आहे. कैरोत वर्षानुवर्षं राहिलेल्या एडवर्ड लेनने पुस्तक घराघरात वाचता यावं म्हणून १८३८ पासून जे छापलं त्यात शृंगार कापला, कविता कापल्या, आणि कापल्या जागी इजिप्तच्या चालीरीतींच्या लांबलचक टिपा शिवल्या. जॉन पेनने १८८२ पासून सगळं उतरवलं, पण फक्त पाचशे प्रती. आणि १८८५ मध्ये आला रिचर्ड बर्टन.

बर्टनचा आणि आपला संबंध जुना. १८४२ साली तो मुंबईच्या पलटणीत अधिकारी म्हणून आला, हिंदुस्तानी, गुजराती, मराठी अशा एकेक भाषेच्या परीक्षा देत गेला, गोव्यावर एक खट्याळ प्रवासवर्णन लिहून मोकळा झाला. अरेबियन नाइट्सचे त्याचे दहा खंड, आणि नंतरचे सहा पुरवणी खंड, यांच्यावर प्रकाशनस्थळ म्हणून बनारस छापलं आहे आणि प्रकाशक म्हणून कामशास्त्र सोसायटी. दोन्ही थापा. पुस्तकं इंग्लंडमध्येच छापली होती, पण तिथला अश्लीलतेचा कायदा चुकवायला गंगाकाठ बरा पडला. याच सोसायटीने दोन वर्षांपूर्वी 'कामसूत्रा'चं इंग्रजी भाषांतर काढलं होतं. त्यामागे मुंबई इलाख्यातले मुलकी अधिकारी आर्बथनॉट होते, आणि संस्कृतची बाजू मुंबईत पुरातत्त्वाचे थोर अभ्यासक भगवानलाल इंद्रजी यांनी सांभाळली होती. बर्टनने पेनच्या अनुवादातून भरपूर उचललं, त्यावर जुन्या इंग्रजीचा जाड मुलामा दिला आणि तळटीपांत जगभरच्या कामव्यवहाराचं आपलं ज्ञान ओतलं. माझ्या मते त्याच्या टिपा वाचाव्यात आणि त्याची वाक्यं सोसावीत. गंमत अशी की पुरवणी खंडात त्याने अलादीन 'अरबीतून' दिला तो झोटेनबर्गने मिळवलेल्या सब्बागच्या प्रतीवरून. म्हणजे बर्टनवरून कुणी अलादीन मराठीत आणला तर त्याची वंशावळ अशी होते: हन्नाच्या तोंडची अरबी, गालांची फ्रेंच, सब्बागची बनावट अरबी, बर्टनची इंग्रजी, आणि मग मराठी. एवढ्या भांड्यांतून ओतूनही दिवा घासल्यावर जिन हजर होतोच.

बर्टनची ही संपूर्ण रात्रमाला मराठीत आणणाऱ्या होत्या गौरी देशपांडे. इरावती कर्व्यांची मुलगी, महर्षी कर्व्यांची नात, आणि 'एकेक पान गळावया' लिहिणारी लेखिका. १९७० च्या दशकात त्यांनी हे काम केलं, खंडामागून खंड. चिपळूणकरांच्या आणि त्यांच्या अनुवादांत शंभरेक वर्षांचं अंतर आहे. कृष्णशास्त्री शाळा, क्रमिक पुस्तकं आणि नवशिक्षित वाचक यांच्या काळजीत वावरणारे. मराठी गद्याला चालायला शिकवायचं होतं, त्याला सुरस आणि चमत्कारिक काहीतरी द्यायचं होतं. गौरीबाईंच्या वेळी मराठी गद्य चांगलं पळत होतं. बायकांच्या मनाबद्दल आणि शरीराबद्दल मराठीत किती मोकळं बोलता येईल, हा प्रश्न त्या स्वतःच्या कथा-कादंबऱ्यांतून विचारत होत्या. संशयापायी रोज एका नवरीला मारणारा राजा आणि त्याला बोलण्यात गुंतवून ठेवणारी बाई, हे पुस्तक अशा लेखिकेने हाती घ्यावं यात मला योगायोग दिसत नाही. तीच कथा, तीच भाषा, पण चिपळूणकरांच्या वाड्यात ती ओसरीवर बसून ऐकायची आणि गौरीबाईंच्या घरात माजघराचं दार लावून.

आता एका शब्दाबद्दल. गुहेचं दार उघडायला फ्रेंचमध्ये आणि इंग्रजीत तिळाचं नाव घेतात. अरबीत तिळाला सिमसिम म्हणतात आणि हिंदीत तोच आवाज जसाच्या तसा राहिला, 'खुल जा सिम सिम'. ऐकायला झकास, पण मंत्र झाला, अर्थ गेला. मराठीने मात्र तीळ घेतला: 'तिळा तिळा, दार उघड'. यामुळे काय साधलं पाहा. पुढे अलीबाबाचा हावरा भाऊ कासीम गुहेत अडकतो तेव्हा त्याला शब्द आठवत नाही. एवढं आठवतं की ते काहीतरी धान्य होतं, आणि तो तिळाऐवजी सातूला साकडं घालतो. हिंदीत 'सिम सिम' ऐकून वाढलेल्या पोराला त्याने सातूचं नाव का घ्यावं हे कळायला मार्ग नाही. मराठी पोराला ताबडतोब कळतं आणि ते हसतं. संक्रांतीला तीळगूळ वाटणाऱ्या भाषेत हा मंत्र असा बसला आहे की तो मूळचा इथलाच वाटावा.

जागतिक साहित्य, हा शब्दच मुळी एका अनुवादाच्या वाचनातून वर आला. १८२७ च्या जानेवारीत म्हातारा ग्योटे आपला सहायक एकरमान याला सांगत होता की राष्ट्रीय साहित्याचे दिवस सरले, आता जागतिक साहित्याचं युग येत आहे. त्या दिवसांत तो एक चिनी कादंबरी वाचत होता आणि त्याला चिनी येत नव्हतं. त्याआधी ज्या शाकुंतलाने त्याला वेड लावलं तेही विल्यम जोन्सच्या इंग्रजीवरून फोर्स्टरने केलेलं जर्मन. अरेबियन नाइट्स तर त्याच्या उशाशी जन्मभर होतं. दुसऱ्या-तिसऱ्या हाताने मिळालेल्या पुस्तकांवर वाढलेल्या माणसाने ही कल्पना मांडली आणि त्याला त्यात कमीपणा वाटला नाही.

आपल्याकडे तर बहुतेक जग इंग्रजीच्या दारातूनच आलं. रशियन, फ्रेंच, अरबी, जपानी, सगळे त्याच उंबऱ्यावर पाय पुसून आत आले. त्यात काही हरवतं हे नाकारत नाही. म्हणून अनुवादित पुस्तक हातात घेतलं की मी हल्ली आधी अनुवादकाचं नाव पाहतो, मग ते कुठल्या भाषेवरून केलं हे पाहतो, आणि प्रस्तावनेत त्याने काय गाळलं याची कबुली आहे का ते शोधतो. पुष्कळ प्रकाशक अनुवादकाचं नाव मुखपृष्ठावर छापत नाहीत. ते पाहिलं की मला पॅरिसमधला तो अलेप्पोचा पोरगा आठवतो.

त्याचं पुढे काय झालं ते सांगायचं राहिलं. हन्नाला राजाच्या ग्रंथालयात नोकरी लावून देण्याचं आश्वासन मिळालं होतं, ती लागली नाही. तो अलेप्पोला परतला, कापडाचा व्यापारी झाला, आणि १७६४ च्या सुमारास, पंचाहत्तरीच्या घरात, त्याने आपल्या तरुणपणच्या प्रवासाची हकिगत बोलीवळणाच्या अरबीत लिहिली. ती वही व्हॅटिकनच्या ग्रंथालयात पोचली. सुरुवातीची पानं गहाळ, त्यामुळे लेखक कोण ते कुणाला कळेना. १९९३ साली ती हन्नाची असल्याचं एका फ्रेंच अभ्यासकाने ओळखलं. हकिगतीत व्हर्सायचा राजवाडा आहे, चौदाव्या लुईला दाखवायला पिंजऱ्यातून नेलेले लांब शेपटीचे वाळवंटी उंदीर आहेत, १७०९ चा जीवघेणा हिवाळा आहे. उरलेल्या पानांच्या अगदी सुरुवातीला, अलेप्पो सोडल्यावर थोड्याच दिवसांत, ल्यूका एका जुन्या थडग्यापाशी थांबतो आणि पैसे देऊन एका बकऱ्या राखणाऱ्याला खाली भोकातून आत उतरवतो. तो वर येतो तेव्हा त्याच्या हातात एक अंगठी असते आणि एक दिवा.

गालांबद्दल त्यात मोजकीच वाक्यं आहेत, आणि त्याचं नाव नाही. एक म्हातारा आमच्याकडे येत असे, तो एका गोष्टींच्या पुस्तकाचं भाषांतर करत होता, त्याच्या पुस्तकात काही रात्री कमी पडत होत्या, मला येत होत्या त्या गोष्टी मी त्याला सांगितल्या, तो खूश झाला, असा त्यांचा आशय. कुठल्या गोष्टी सांगितल्या ते हन्नाने लिहिलेलं नाही.